ती म्हणाली तेवढंच

पडद्यावर पहाटेचे चार वाजले आहेत. कोपीच्या तोंडाशी एक बाई उकिडवी बसली आहे. एका हातात कोयता, दुसऱ्या हातात कानस. कानस पात्यावरून पुढे जाते, मागे येते. पाठीमागे चुलीचा जाळ. पाचटाची ही झोपडी, म्हणजे कोपी, कृष्णाकाठच्या एका साखर कारखान्याजवळ उभी आहे आणि मी ती बघतेय पुण्यात, लॉ कॉलेज रस्त्यामागच्या एका बंगल्याच्या तळमजल्यावर, भर दुपारी. खिडकीला काळं जाड कापड ठोकलेलं आहे. यंत्रं तापू नयेत म्हणून एसी इतका थंड ठेवलाय की संकलन करणाऱ्या ताईंनी अंगावर शाल घेतली आहे.

ताईंचा उजवा हात कीबोर्डवरच्या जे, के, एल या कळांवर आहे. एल दाबली की चित्र पुढे पळतं, जे दाबली की मागे, के दाबली की थांबतं. कानस पुढे जाते, मागे येते, पुन्हा पुढे जाऊ लागते आणि कट. समोर ट्रॅक्टर, ट्रॉलीत दाटीवाटीने उभी माणसं. कानशीचा आवाज मात्र थांबलेला नाही. ट्रॅक्टर दिसू लागल्यावरही तो क्षणभर ऐकू येत राहतो आणि मग इंजिनाच्या घरघरीत बुडतो.

"दोन फ्रेम जास्त आहेत," ताई म्हणतात आणि काढून टाकतात.

आपल्याकडच्या टीव्हीवर एका सेकंदात 25 फ्रेम जातात. दोन फ्रेम म्हणजे सेकंदाचा बारावा हिस्साही नाही. मला फरक दिसत नाही. ताई आधीचं आणि नंतरचं पुन्हा पुन्हा लावून दाखवतात तेव्हा कुठे कळतं. आधी वाटत होतं, बाईचं काम संपलं आणि आपण पुढे निघालो. आता तिचा हात चालूच आहे, आपण तिला तिथे सोडून आलो आहोत.

ही 52 मिनिटांची फिल्म आहे, एका परदेशी चॅनलसाठी. बीड जिल्ह्यातल्या धारूर-वडवणीच्या बाजूची ऊसतोड कामगारांची एक टोळी दसऱ्याच्या आसपास गाव सोडते आणि उन्हाळा लागता लागता परतते, तेवढा काळ दिग्दर्शक कॅमेरा घेऊन टोळीबरोबर राहिला. नव्वद तासांचे रशेस, म्हणजे कच्चं चित्रण, आले. 90 तास म्हणजे 81 लाख फ्रेम आणि 52 मिनिटं म्हणजे 78 हजार. शंभर फ्रेमांतली जेमतेम एक पडद्यावर जाणार. उरलेल्या नव्याण्णवांचं काय करायचं, हे ठरवण्यात ताईंची हयात गेली आहे. त्यांनी आपलं किंवा फिल्मचं नाव छापू नका असं सांगितलंय. फिल्म अजून दाखवली गेलेली नाही आणि नावावरून कोणी टोळीपर्यंत पोचू नये, एवढ्यासाठी.

टोळीचं गणित खोलीतल्या प्रत्येकाला तोंडपाठ आहे. नवरा-बायको मिळून एक कोयता. मुकादम हंगामाआधी कोयत्याला उचल देतो, म्हणजे आगाऊ पैसे. ते ऊस तोडून फेडायचे. एक दिवस कामावर गेलं नाही की खाडा आणि खाड्याचे पैसे कापले जातात. ताप आला तरी खाडा, पाळी आली तरी खाडा, बाळंतपणातही खाडा. दिग्दर्शकाला हे शब्द तिथे जाऊन शिकावे लागले. ताईंच्या सहायकाला नाही. तो अंबाजोगाईकडचा. त्याच्या मावशीने कोयता चालवलेला आहे. मुलाखती आपोआप लिहून देणारं सॉफ्टवेअर या खोलीत आहे, पण त्याने 'खाडा'चा 'खड्डा' केला, 'फडा'चा 'फाटा' केला आणि बायकांच्या निम्म्या वाक्यांचा अर्थच घालवला. तेव्हा या पोराने कानाला हेडफोन लावून सगळ्या मुलाखती हाताने उतरवून काढल्या, प्रत्येक ओळीसमोर टाइमकोड घालून. ती जाडजूड फाइल आता ताईंच्या डाव्या हाताशी आहे. पानापानावर पेन्सिलीच्या खुणा. एका ठिकाणी समासात लिहिलंय, 'इथे हसली. का?'

भिंतीवर रंगीत कार्डं टाचलेली आहेत. पिवळ्यावर उसाचा फड, निळ्यावर कोपी, हिरव्यावर गाव, गुलाबीवर मुलाखत. प्रत्येक कार्डावर दृश्याचं नाव आणि लांबी. 'उसाचे वाढे विकणं, 1 मि. 40 से.' 'बैलाचा पाय, 2.15.' 'आजी आणि मोबाइल, 0.50.' काही कार्डं उलटी लावलेली आहेत. ती गळालेली दृश्यं. फेकून का देत नाहीत, असं मी विचारते.

"परत लागतात. शेवट बदलला की सुरुवातीला काहीतरी कमी पडतं. मग यांच्यातलंच कोणीतरी उठून येतं." ताई एक उलटं कार्ड सुलटं करून दाखवतात, 'शाळेचा दाखला, 3 मि.' "हे कापताना दोन रात्री झोप नाही आली. सुंदर दृश्य आहे. पण ते आलं की फिल्म मुलाची होते. ही फिल्म आईची आहे."

कपाटाच्या सर्वांत वरच्या खणात जुन्या गोष्टी आहेत. पांढरे सुती हातमोजे, काचेवर लिहितात तशी पिवळी मेणाची पेन्सिल, सेलोटेपने फिल्म जोडायचं लोखंडी स्प्लायसर. ताई तो माझ्या हातावर ठेवतात. हे लहानसं यंत्र चांगलंच जड लागतं. इथून चालत जाण्याइतक्या अंतरावर, प्रभात स्टुडिओच्या जागेवर 1960 साली सुरू झालेली फिल्म इन्स्टिट्यूट आहे. तिथे ताई संकलन शिकल्या. 1986 मध्ये बाहेर पडल्या तेव्हा हाताला सवय होती ती स्टीनबेकची, म्हणजे ज्यावर फिल्मची चाकं आडवी फिरतात त्या जर्मन टेबलाची. 16 मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात 40 फ्रेम. 400 फुटांचं रीळ 11 मिनिटं चालायचं. रीळ महाग, त्यामुळे दिग्दर्शक जपून शूट करायचा. चार-पाच पट माल आला तरी चंगळ वाटायची.

"कट मारायचा म्हणजे खरंच कापायचं," त्या सांगतात. "पात्याचा आवाज यायचा. काढलेला तुकडा पिशवीवरच्या खिळ्याला टांगायचा. चार फ्रेमचा तुकडा हरवला तर सगळ्यांनी गुडघ्यावर बसून जमिनीवर शोधायचा. म्हणून कापायच्या आधी माणूस तो शॉट मनात दहा वेळा चालवायचा."

शिकून बाहेर पडल्या तोवर टीव्हीचं काम व्हिडिओवर गेलेलं होतं. मुंबई दूरदर्शन 1972 मध्ये सुरू झालं, 1982 च्या एशियाडबरोबर रंग आला, मालिका वाढल्या, माहितीपट वाढले आणि मुंबईत गल्लोगल्ली भाड्याचे एडिटिंग स्टुडिओ निघाले. तिथे यू-मॅटिकच्या पाऊण इंची टेप. एका यंत्रावर मूळ टेप, दुसऱ्यावर कोरी. इकडचा शॉट तिकडे उतरवायचा, मग त्याच्यामागे दुसरा, मग तिसरा, क्रमाने. विसाव्या मिनिटाचा शॉट पाच सेकंदांनी वाढवायचा म्हटलं तर त्याच्या पुढचं सगळं पुन्हा उतरवायचं, नाहीतर तयार टेपचीच प्रत काढायची. प्रतीची प्रत झाली की चेहरे धुरकट व्हायचे, लाल रंग पसरायचा. स्टुडिओचं भाडं तासावर. रात्रीच्या शिफ्टला दर कमी, म्हणून माहितीपटवाल्यांना कायम रात्र. ताईंनी लग्नानंतरची पहिली काही वर्षं वांद्र्याच्या एका स्टुडिओत रात्री आठ ते सकाळी आठ अशी काढली आणि घरी येऊन मुलीचा डबा भरला.

संगणकावरचं एडिटिंग आलं त्याचं त्यांना कौतुक आहे. त्या जुन्याच्या नावाने उसासे टाकत नाहीत. अ‍ॅव्हिड 1989 मध्ये बाजारात आलं, आपल्याकडे रुळायला नव्वदचं दशक निम्मं सरलं. ताई ते हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या लोकांबरोबर शिकल्या. पाच सेकंद वाढवायचे तर पाच सेकंद वाढवायचे, बाकी सगळं आपोआप सरकतं. पण त्या एक हिशेब मांडतात, तो मला महत्त्वाचा वाटतो. टेप स्वस्त झाली, मग कार्ड आलं, तसा कॅमेरा बंद होईनासा झाला. पूर्वी दिग्दर्शक शूटिंगच्या जागी अर्धी निवड करून यायचा. आता ती सगळी निवड या खुर्चीवर येऊन पडते. नव्वद तास नुसते एकदा बघायचे तर रोज आठ तास धरून अकरा दिवसांहून जास्त लागतात आणि एकदा बघून काहीच होत नाही. निर्मात्याच्या बजेटमध्ये मात्र संकलनाचे आठवडे जुन्या हिशेबानेच असतात. करार दहा आठवड्यांचा होतो, शूटिंग लांबतं आणि तारीख हलत नसल्यामुळे हातात सहा उरतात. माहितीपट बघणाऱ्या, त्यावर लिहिणाऱ्या आपल्यासारख्यांनी हे कधी विचारात घेतल्याचं मला आठवत नाही. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत कथाबाह्य विभागातही संकलनाला वेगळा पुरस्कार आहे. टीव्हीवर मात्र शेवटची श्रेयनामावली कोपऱ्यात आकसून जाते आणि उरलेल्या पडद्यावर पुढच्या कार्यक्रमाची जाहिरात लागते. त्यात संकलकाचं नाव वाचलेला प्रेक्षक मला अजून भेटायचाय.

दिग्दर्शन करावंसं नाही वाटलं? ताई लगेच नाही म्हणत नाहीत. संकलन शिकलेल्या रीना मोहन यांनी 1913 च्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये काम केलेल्या कमलाबाई गोखल्यांवर 'कमलाबाई' ही फिल्म केली, दीपा भाटिया यांनी विदर्भातल्या शेतकऱ्यांच्या आत्महत्यांवर आणि पत्रकार पी. साईनाथांवर 2009 मध्ये 'नीरोज गेस्ट्स' केली. ताईंना दोन्ही फिल्म जवळपास शॉटवार पाठ आहेत. माहितीपटकार आनंद पटवर्धन स्वतः शूट करतात आणि स्वतःच संकलनाला बसतात. मुंबईतल्या रमाबाई नगरच्या पोलीस गोळीबारानंतर सुरू झालेली 'जय भीम कॉम्रेड' चौदा वर्षांनी, 2011 मध्ये पुरी झाली. "एवढा धीर पाहिजे," ताई म्हणतात. "आणि माणसांच्या दारात जाऊन उभं राहता आलं पाहिजे. मला ते जमत नाही. माझ्याकडे माणसं इथेच येतात." त्या पडद्याकडे बोट दाखवतात. तिथे ती बाई अजून कानस हातात धरून थांबलेली आहे.

तीनच्या सुमारास दिग्दर्शक येतो. चाळिशीचा, उन्हाने रापलेला, हातात चॅनलच्या नोट्सचे छापील कागद. तोही यांना ताईच म्हणतो. चॅनलच्या बाईंनी रफ कट पाहिलाय आणि एकवीस नोट्स पाठवल्या आहेत. पहिल्या काही किरकोळ आहेत. इथे नकाशा हवा. इथे संगीत लवकर सुरू होतं. आजीच्या दृश्यात सबटायटल वाचायला वेळ पुरत नाही. ताई भराभर हो म्हणत जातात. दोन ठिकाणी तिथल्या तिथे दुरुस्ती करतात. नकाशाला नाही म्हणतात. बीडहून निघालेला ट्रक सगळा दिवस चालतो ते दिसतंय, तेवढं अंतर पुरे.

मग तेरावी नोट येते आणि दिग्दर्शकाचा आवाज जरा खाली जातो.

"गर्भपिशवीच्या ऑपरेशनच्या मुलाखतीत जबाबदार कोण ते स्पष्ट होत नाही, असं म्हणतायत. मुकादमाने दबाव आणला हे तिच्या तोंडून यावं."

खोलीतलं कोणी काही बोलत नाही. ताई मुलाखत काढतात. कानस चालवणारी तीच बाई. पस्तिशीची असेल, दिसते पन्नाशीची. कोपीच्या बाजूला उसाच्या मोळीवर बसली आहे. दिग्दर्शकाचा आवाज कॅमेऱ्यामागून विचारतो, ऑपरेशन करा असं कोणी सांगितलं?

"डाक्टर म्हनला, काढून टाका. पिशवी खराब झालीय म्हनला." ती बांगडी मागे सारते. कुठून तरी ट्रॅक्टर येऊन उभा राहतो, इंजिन चालूच. ती मान वळवून पोराला हाक मारते, चाकाखाली जाशील म्हणून ओरडते. मग परत कॅमेऱ्याकडे बघते. "मुकादम काय बोलला न्हाई. मुकादमाला कशाला बोलायचं? उचल घेतलेली. खाडा पडला तर आपल्याच अंगावर. मंग मीच म्हनलं, टाका काढून."

ताई थांबवतात. "आता बघा," त्या मला म्हणतात. सहायकाला खुर्ची जवळ ओढायला सांगतात.

टाइमलाइनवर या मुलाखतीची एक प्रत त्या बाजूला ठेवतात. 'मुकादम काय बोलला न्हाई' यातला 'मुकादम' उचलतात. 'डाक्टर म्हनला, काढून टाका' यातून 'डाक्टर' उडवतात आणि रिकाम्या जागी तो 'मुकादम' बसवतात. ऐकवतात. जोड कळतो, कारण 'मुकादम'च्या मागे ट्रॅक्टरची घरघर आहे आणि पुढच्या शब्दांमागे नाही. ताई रशेसमधून नुसत्या ट्रॅक्टरच्या आवाजाचा लांब तुकडा शोधून काढतात आणि दोन्हीखाली पसरतात. जोडावर चार फ्रेमची सांधेजोड. ओठ आता शब्दांशी जुळत नाहीत, म्हणून वर तिच्या हातांचा क्लोजअप टाकतात, बांगडी मागे सारणारा. पुन्हा ऐकवतात.

"मुकादम म्हनला, काढून टाका."

तिचाच आवाज. तिचीच बोली. तिचेच हात. मी डोळे मिटून ऐकते, कुठेही शंका येत नाही. एवढ्याला ताईंना चहा निवायलाही वेळ लागलेला नाही. सहायक पडद्याकडे न बघता आपल्या हातातल्या फाइलकडे बघतोय. तिथे हे वाक्य कुठेच नाही.

"पण ताई," दिग्दर्शक म्हणतो, "खोटं तरी कुठे आहे? उचल त्याचीच. खाडा तोच लावतो. त्याच्या भीतीनेच तर तिने केलं. जबाबदारी त्याची आहेच ना?"

"असेल. मग तू म्हण. निवेदनात, तुझ्या आवाजात, तुझ्या नावावर. तिच्या तोंडी नको घालूस."

"चॅनल निवेदन घेऊ देत नाही."

"मग चॅनलशी भांड. दसऱ्याला तिला उचल कोणाकडून घ्यायचीय? तू देणारेस?"

दिग्दर्शक गप्प होतो. तो वाईट माणूस नाही. एवढे महिने पाचटाच्या कोपीशेजारी तंबू ठोकून राहिला, टोळीतल्या पोरांना रात्री शिकवलं, आजारी पडला. त्याला मुकादमाचा संताप आहे आणि तो खरा आहे. फिल्म विकली नाही तर त्याच्यावरचं कर्ज फिटत नाही, हेही खरं आहे. एडिटिंगच्या खोलीत अशी वाक्यं बहुतेक वेळा लबाड माणसं तयार करत नाहीत. चांगल्या कामाची घाई झालेली माणसं करतात. आणि ज्या बाईचं वाक्य बदलतं ती दूर कुठेतरी उसाच्या फडात असते. तिला कोणी विचारत नाही. इथे तिच्या बाजूने बसलेलं एकच माणूस असतं, ज्याने तिचा प्रत्येक उच्छ्वास ऐकलेला आहे.

ताई ती तयार केलेली प्रत निवडतात आणि पुसतात. मग कचऱ्याच्या फोल्डरमधूनही पुसतात. सहायकाला सांगतात, "बॅकअपमध्ये गेली असेल तर तिथूनही काढ. कोणाच्या तरी हाती लागते आणि ट्रेलरमध्ये जाते."

"तिचं खरं वाक्य जास्त भयंकर आहे," सहायक पहिल्यांदाच बोलतो. "मीच म्हनलं, टाका काढून. माझी मावशी पण असंच सांगते. कोणी जबरदस्ती केली नाही म्हणते."

ताई त्याच्याकडे वळून बघतात. "हे चॅनलला तू सांग. थांब, फोन लावू या."

व्हिडिओ कॉल लागतो. चॅनलच्या बाई सौजन्याने बोलतात आणि मुद्दा सोडत नाहीत. त्यांचा प्रेक्षक महाराष्ट्राबाहेरचा, भारताबाहेरचा. मुलाखतीतलं त्याला फक्त सबटायटलमधून कळणार. दोष कोणाचा हे कळलं नाही तर तो चॅनल बदलेल. दिग्दर्शक आधी अडखळतो. मग सावरून सांगतो की ती असं म्हणालेली नाही आणि आम्ही तसं करणार नाही. सहायक मावशीबद्दल सांगतो, थोडक्यात. ताई फक्त एवढंच विचारतात की पुढेमागे कोणी मूळ फुटेज मागितलं तर चॅनल काय दाखवणार? पलीकडे क्षणभर शांतता आणि मग हा मुद्दा मान्य होतो. त्याऐवजी बाई आकडा मागतात. प्रश्न एकीचा नाही, हजारोंचा आहे, हे प्रेक्षकाला कळलं पाहिजे. ही मागणी रास्त आहे असं ताईंनाही वाटतं.

आकडा दिग्दर्शकाकडे आहे. बीडमधल्या ऊसतोड महिलांच्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रियांची बातमी 2019 मध्ये गाजली, तेव्हा राज्य सरकारने नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. 82 हजारांहून जास्त महिलांची पाहणी झाली. त्यांतल्या 13 हजारांहून जास्त महिलांचं गर्भाशय काढलेलं होतं. फोन ठेवल्यावर दिग्दर्शकाला तो आकडा तिच्या चेहऱ्यावरच हवा असतो, 'टाका काढून' म्हणाल्याबरोबर, मोठ्या पांढऱ्या अक्षरांत.

ताई लावून दाखवतात. सगळे बघतात. आकडा वाचताना बाई दिसेनाशी होते. डोळा अक्षरांवर जातो आणि ती मागे नुसती चित्रासारखी उरते. ताई मग तिचं वाक्य संपल्यावर काहीच करत नाहीत. ती उठते, पदर खोचते, पोराला बखोटीला धरून ट्रॅक्टरपासून लांब नेते. हा शॉट आधीच्या कटमध्ये नव्हता. उलट्या कार्डांपैकी एक सुलटं होऊन रांगेत जातं. त्यानंतर फड, रांगेने वाकलेल्या बायका, कोयत्यांचे सपसप आवाज, कोणाचाच चेहरा नाही. त्यांच्यावर आकडा येतो.

किती वेळ ठेवायचा? ताई दिग्दर्शकाला तो मोठ्याने, सावकाश, दोनदा वाचायला सांगतात आणि घड्याळ लावतात. नऊ सेकंद भरतात. त्या नऊ सेकंद देतात, मग वरून एक सेकंद वाढवतात. "घरी टीव्ही बघणारा पहिल्यांदा दचकतो, मग वाचतो." कोयत्यांचा आवाज त्या आकड्याखाली किंचित मोठा करतात आणि जिथे आकडा जातो तिथे एक कोयता बरोबर उसाच्या बुडाशी बसेल, अशी फ्रेम शोधतात. दोन फ्रेम मागे. एक पुढे. इथे.

मुलाखत आधीपेक्षा अकरा सेकंदांनी लांबली आहे, फड दहा सेकंदांनी. एकूण एकवीस सेकंद कुठून तरी काढावे लागणार, कारण 52 मिनिटं म्हणजे 52 मिनिटं. उद्या संध्याकाळी पिक्चर लॉक आहे. त्यानंतर चित्राला हात लावायचा नाही. टाइमलाइन साउंडवाल्याकडे आणि रंगांचं काम करणाऱ्याकडे जाणार. एक फ्रेम जरी नंतर सरकली तरी सगळ्यांचा सगळा आवाज सरकतो. सहायक वहीत बेरीज-वजाबाकी मांडतो. दिग्दर्शक भिंतीजवळ जाऊन कार्डांवरच्या लांब्या वाचू लागतो आणि बैलाच्या पायावर बोट ठेवतो. ताई मान हलवतात. बैलाला हात लावायचा नाही. तो मेल्यावर त्या घरावर दुसरं कर्ज चढतं, पुढच्या दृश्यात त्यावरच भांडण आहे.

"चौदावी काय आहे?" त्या विचारतात.

"गावी परतण्याचं दृश्य लांबलंय, तीस सेकंद कमी करा म्हणतायत."

"तीस नाही निघणार." हात परत कळांवर गेलेला आहे. ट्रक बीडच्या वाटेला लागलाय, बायका भांड्यांच्या पोत्यांवर रेलून झोपल्या आहेत. ताई टोल नाका काढतात, पेट्रोल पंप काढतात, ड्रायव्हरच्या गाण्याचं दुसरं कडवं काढतात. "तेवीस निघाले. आपले एकवीस भागले, वर दोन शिल्लक. ते आजीच्या सबटायटलला दे. पंधरावी वाच."

सहायक कागद उलटतो आणि वाचू लागतो.